कापूस वेचणाऱ्या मजुरिणींवर माहितीपट : तयारीपासून गावातल्या पडद्यापर्यंत

नागपुरात माहितीपट करू पाहणाऱ्या तरुणांचे कच्चे चित्रण पाहण्याची वेळ माझ्यावर वारंवार येते, आणि त्यातले बरेचसे चित्रण एकाच ठिकाणी अडखळलेले दिसते. ड्रोनमधून टिपलेले शिवार असते, चुलीचा धूर असतो, सुरकुतलेल्या चेहऱ्याची आजी असते, पार्श्वभूमीला बासरी असते. पण त्या आजीने दिवसभरात किती किलो कापूस वेचला, किलोमागे तिला काय मिळाले, काटा कोणी धरला आणि वहीत आकडा कोणी लिहिला, हे अर्ध्या तासाच्या चित्रपटातही कळत नाही. कष्ट करणाऱ्या माणसावरच्या चित्रपटात कष्टाचा हिशेबच नसेल, तर प्रेक्षकाच्या हाती फक्त कणव उरते. हे तंत्राच्या उणिवेमुळे होत नाही. आधी कॅमेरा नेला जातो आणि काम नंतर समजून घेतले जाते, हा क्रम उलटा पडल्यामुळे होते.

पुढचे टप्पे काटोल, सावनेर, हिंगणा, उमरेड या पट्ट्यातील कापूस वेचणी डोळ्यांसमोर ठेवून लिहिले आहेत. संत्र्याची तोडणी, वीटभट्टी, मौदा-रामटेककडची धानाची रोवणी, तेंदूपाने असा दुसरा विषय असला तरी क्रम हाच ठेवावा.

टप्पा १ : विषय एका कामापर्यंत आणा

‘ग्रामीण श्रमिकांचे जीवन’ हा चित्रपटाचा विषय होऊ शकत नाही, कारण त्याला कडाच नाहीत. एक काम, एक गाव, एक हंगाम आणि दोन किंवा तीन माणसे एवढी चौकट आधी आखून घ्यावी. त्यानंतर वहीच्या पहिल्या पानावर एक प्रश्न लिहावा, आणि तो असा असावा की त्याचे उत्तर डोळ्यांना दिसू शकेल. ‘शेतमजूर गरीब का आहेत?’ हा प्रश्न महत्त्वाचा असला तरी कॅमेऱ्याला तो टिपता येत नाही. त्याची उत्तरे तज्ज्ञांच्या मुलाखतींत सापडतात आणि मग चित्रपट खुर्चीत बसलेल्या माणसांनी भरून जातो. ‘वेचणीचा दर कोण, कधी आणि कुणासमोर ठरवतो?’ हा प्रश्न मात्र धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, उभे राहून टिपता येतो, आणि गरिबीचे कारणही त्यातच हळूहळू उलगडत जाते.

तपासणी : तुमचा प्रश्न गावातल्या एखाद्या मजुरिणीला विचारून पाहा. तिला तो समजला आणि त्यावर ती बोलू लागली, तर प्रश्न योग्य आहे. तिने ‘हे तुम्ही साहेबांना विचारा’ असे म्हटले, तर तो बदला.

टप्पा २ : हंगामाचे वेळापत्रक आधी, चित्रणाचे नंतर

महाविद्यालयीन गटांची सर्वांत मोठी चूक येथे होते. डिसेंबरच्या सुट्टीत गावात जायचे ठरते, आणि तोपर्यंत हंगामातल्या निम्म्या गोष्टी घडून गेलेल्या असतात. जूनमध्ये पाऊस पडल्यावर सरकी लावली जाते, जुलै-ऑगस्टमध्ये निंदण आणि डवरणी चालते, पऱ्हाटी, म्हणजे कापसाचे झाड, वाढले की फवारणीचे दिवस येतात, दसरा-दिवाळीच्या आगेमागे पहिली वेचणी सुरू होते आणि जानेवारी-फेब्रुवारीपर्यंत उलंगवाडी होते, म्हणजे वेचणीचा हंगाम संपतो. यातल्या काही गोष्टी वर्षातून एकदाच घडतात. पहिल्या वेचणीच्या दिवशी काही घरांत आजही होणारे सीतादहीचे पूजन, हंगामाचा पहिला दर ठरतानाचे बोलणे आणि उलंगवाडीनंतर उभ्या पऱ्हाटीत सोडलेली गुरे या तीन दिवसांच्या तारखा गावातल्या माणसाकडून फोनवर आधी कळतील, अशी व्यवस्था करून ठेवावी.

वेचणी एकदाच होत नाही, हेही ध्यानात ठेवावे. बोंडे टप्प्याटप्प्याने फुटतात, त्यामुळे एकाच वावरात तीन-चार वेचण्या होतात. पहिल्या वेचण्यांना वावर पांढरे दिसते आणि ओटी, म्हणजे कापूस टाकायची अंगावर बांधलेली झोळी, लवकर भरते. शेवटच्या वेचणीत तेवढाच वेळ वाकून राहिले तरी वजन फारच कमी भरते, म्हणून किलोमागचा दर हंगामाच्या अखेरीस सहसा वाढवावा लागतो. हा चढता दर आणि घटते वजन एकाच चित्रपटात दाखवायचे असेल, तर किमान एक भरातली आणि एक शेवटची अशा दोन वेचण्या चित्रित झाल्याच पाहिजेत. फक्त पांढऱ्याशुभ्र वावराचे चित्रण करून परतणाऱ्याला अर्धीच गोष्ट मिळते.

दुसरे विषय घेणाऱ्यांसाठी थोडक्यात : धानाची रोवणी जुलैच्या पावसात असते, तेंदूपानांचे संकलन उन्हाळ्यात काही आठवड्यांतच आटोपते, वीटभट्ट्या पावसाळा संपल्यावर लागतात आणि पुढच्या पावसाआधी थांबतात, आणि संत्र्याचे आंबिया व मृग असे दोन बहार असल्याने तोडणीचे हंगामही दोन असतात.

सावधान : फवारणीच्या दिवसांत वावरात शिरून चित्रण करू नका. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कीटकनाशकाच्या विषबाधेने शेतकरी आणि मजूर दगावले, ते फवारणी करतानाच. चित्रण गरजेचेच असेल तर लांबच्या भिंगाने, वाऱ्याच्या वरच्या बाजूला उभे राहून करावे, आणि कॅमेऱ्यासाठी ‘पुन्हा एकदा फवारून दाखवा’ असे कोणालाही सांगू नये.

टप्पा ३ : गावात कोणाबरोबर शिरता, यावर पुढचे सगळे अवलंबून असते

शहरातून जाणाऱ्याची ओळख बहुधा शेतमालकाशी असते. मित्राचे काका, मामाचे स्नेही वगैरे. त्यांच्या गाडीतून उतरून थेट वावरात गेलात, की मजुरिणींच्या लेखी तुम्ही मालकाची माणसे झालात. मग दराबद्दल विचारले तर ‘बरोबर देतात, काही तक्रार नाही’ एवढेच उत्तर हंगामभर मिळत राहते, आणि चित्रकर्त्याला वाटते की खरेच तक्रार नाही.

म्हणून पहिली भेट मजुरांच्या वस्तीतून व्हावी. अंगणवाडी सेविका, आशाताई किंवा महिला बचत गटाच्या अध्यक्षा यांच्याशी आधी बोलावे. गटाच्या बैठकीत पाच-दहा मिनिटे मागून घेऊन काय करणार आहोत ते सांगावे. त्याच दिवशी सरपंच आणि पोलीस पाटील यांना भेटून, नाव-पत्ता व ओळखपत्राची प्रत असलेले मराठी पत्र ग्रामपंचायतीत देऊन पोच घ्यावी. वावरात पाय ठेवण्यासाठी मालकाची परवानगी लागतेच. ती शेवटी घ्यावी, पण मोकळेपणाने घ्यावी. मालकापासून हेतू लपवून केलेल्या चित्रणाचा त्रास तुम्हाला होत नाही, पुढच्या हंगामात कामावर न बोलावल्या जाणाऱ्या बाईला होतो.

मुक्काम आणि जेवण कुठे करता, याकडे गावाचे बारीक लक्ष असते. मालकाच्या वाड्यावर राहून वस्तीत चित्रणाला येणारा माणूस आणि समाजमंदिरात किंवा एखाद्या मजुराच्या घरी राहणारा माणूस यांना एकाच प्रश्नाची दोन वेगळी उत्तरे मिळतात. वस्तीत चहा पुढे आला तर तो घ्यावा. कोणाच्या घरचे पाणी कोण पितो आणि कोण टाळतो, हे गावात सगळ्यांना ठाऊक असते, आणि तुमच्याविषयीचे मत त्या कपावरच ठरते.

या पहिल्या भेटींत कॅमेरा पिशवीतही नसावा. वही असावी. शक्य असेल तर एखादा दिवस बायांबरोबर पात, म्हणजे वेचायची आपली ओळ, धरून स्वतः कापूस वेचावा. सुकलेल्या बोंडाची टोके नखाच्या कडेला कशी लागतात, भरलेली ओटी मांडीवर कशी ओढते, कंबर कोणत्या वेळी बोलू लागते, हे एकदा अंगाला कळले की कॅमेरा कुठे आणि किती उंचीवर लावायचा, याचे उत्तर आपोआप मिळते.

तपासणी : आता वहीत या गोष्टी लिहिलेल्या असाव्यात : कामावर जाण्याची व परतण्याची वेळ, गाडी कोणाची, मुकादम आहे की नाही, दर किलोवर आहे की रोजीवर की गुत्त्यावर (ठोक कामावर), वजन कुठे होते, वही कोणाकडे असते, पैसे कोणत्या वारी मिळतात. यातले एक जरी उत्तर नसेल तर चित्रण सुरू करू नका.

टप्पा ४ : संमती, तिच्या भाषेत आणि तिच्या हिशेबाने

इंग्रजी छापील अर्जावर अंगठा घेणे म्हणजे संमती नव्हे. एका पानाचे मराठी पत्र मोठ्या अक्षरांत तयार करावे, ते तिला वाचून दाखवावे, आणि त्याची एक प्रत तिच्याकडे ठेवावी. चित्रपट कुठे दाखवला जाईल, मोबाइलवर कोणालाही पाहता येईल का, तिच्या मालकाला आणि सासरच्यांना तो दिसेल का, या तीन गोष्टी तोंडी सांगितल्याच पाहिजेत, कारण खरी अडचण तिथेच असते. कोणत्या तारखेपर्यंत तिला ‘माझे हे बोलणे काढून टाका’ असे सांगता येईल, ती तारीखही पत्रात असावी. नवऱ्याने ‘काढा हो फोटो’ म्हटले म्हणजे तिची संमती झाली, असे समजू नये. तिला वेगळे विचारावे.

संमती दोनदा घ्यावी : चित्रणाआधी, आणि सगळे चित्रण संपल्यावर. पहिल्या वेळी ती काय बोलणार आहे, हे तिलाही ठाऊक नसते. दुसऱ्या वेळी आपण काय बोललो हे तिला आठवत असते, म्हणून ही दुसरी संमती अधिक मोलाची.

पैशांचा प्रश्न टाळू नये. वेचणीची मजुरी बहुधा किलोवर असते, म्हणजे तुमच्यासाठी ती जेवढा वेळ थांबते तेवढा कापूस तिच्या वजनातून कमी होतो. काम करतानाचे चित्रण करण्यासाठी पैसे देऊ नयेत, त्याने काम नाटकी होते. पण मुलाखतीसाठी किंवा दुसऱ्या कारणाने तुम्ही तिचा वेळ घेतलात, तर त्या वेळेची मजुरी चालू दराने, हिशेब करून, तिच्याच हातात द्यावी, आणि ही गोष्ट सुरुवातीलाच सगळ्यांसमोर सांगून ठेवावी.

सावधान : वावरात लहान मुले काम करताना दिसली तर त्यांचे चेहरे टिपू नका. नंतर चेहरा धूसर करणे पुरेसे ठरत नाही, कारण हाकेतून नाव, गणवेशातून शाळा आणि शेजारच्या बाईवरून घर ओळखू येते.

टप्पा ५ : साहित्य बेताचे ठेवा, पण कापसाचा विचार करून

दोन माणसांना पायी वाहून नेता येईल एवढेच साहित्य घ्यावे. मोठा गट, छत्र्या आणि परावर्तक पाहिले की काम थांबते आणि गाव जमते. कॅमेऱ्यापेक्षा ध्वनीवर अधिक खर्च करावा, असे माझे स्पष्ट मत आहे. चित्र थोडे डगमगले तरी प्रेक्षक सांभाळून घेतो, शब्द कळले नाहीत तर उठून जातो.

मोकळ्या शिवारात वारा असतो, म्हणून माइकवर केसाळ आवरण हवेच. कॉलर माइक लावताना एक खास अडचण येते. बऱ्याच बाया साडीवर पुरुषी शर्ट घालतात आणि डोक्या-तोंडाला रुमाल बांधतात. माइक छातीच्या खालच्या भागात असेल तर ओटी आणि शर्ट त्यावर सतत घासतात व सगळे ध्वनिमुद्रण खरखरीने भरते. माइक शर्टाच्या वरच्या गुंडीपाशी लावावा, तार शर्टाच्या आतून पाठीकडे न्यावी आणि प्रेषक कमरेवर न ठेवता शर्टाच्या खिशात ठेवावा. हे लावण्यासाठी गटात एक मुलगी असावी. नसेल तर काठीवरचा माइक वापरावा. ध्वनी ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिटवर मुद्रित करावा.

उजेडाची अडचण याहून मोठी असते. दुपारच्या उन्हात फुटलेला कापूस एवढा चकाकतो की कॅमेरा आपोआप प्रकाश कमी करतो आणि बाईचा चेहरा काळवंडतो. चेहरा उजळवला तर कापूस पांढऱ्या ठिगळासारखा होतो आणि त्याचा पोतच नाहीसा होतो. आपोआप प्रकाशमापन बंद करावे, झेब्रा पट्टे (फार उजळ भागावर कॅमेऱ्याच्या पडद्यात दिसणाऱ्या रेघा) लावून कापूस जळणार नाही एवढ्यावर माप बांधावे, आणि कोन असा घ्यावा की ऊन चेहऱ्याच्या एका बाजूने येईल. भिंगात येणारा उजेड कमी करणारी घन छायागाळणी, म्हणजे एनडी फिल्टर, सोबत असावाच. डिसेंबरात नागपूरकडे सूर्य साडेपाचच्या सुमारास मावळतो, आणि वजनकाटा नेमका त्याच वेळी चालतो. त्या अर्ध्या तासासाठी वेगवान, म्हणजे कमी उजेडातही चालणारे, भिंग राखून ठेवावे.

ड्रोनबाबत एवढेच : २५० ग्रॅमपेक्षा जड ड्रोनची नोंदणी लागते, विमानतळ आणि लष्करी भागाजवळ उड्डाणावर निर्बंध आहेत, आणि पेंच किंवा उमरेड-करांडला यांसारख्या जंगलाच्या हद्दीत वनविभागाची परवानगी लागते. नकाशा अधिकृत संकेतस्थळावर आधी पाहावा. वरून टिपलेल्या शिवारात माणूस ठिपक्याएवढा दिसतो. या विषयाला त्याची फारशी गरज नाही.

तपासणी : शेतीपंपाची वीज कधी दिवसा तर कधी रात्री येते आणि गावातली वीजही मधूनच जाते. दोन दिवस पुरतील एवढ्या बॅटऱ्या चार्ज करूनच निघा.

टप्पा ६ : वावरातल्या दिवसाचा क्रम

दिवस वावरात सुरू होत नाही, घरात सुरू होतो. पाणी भरणे, स्वयंपाक, मुलांची तयारी, शिदोरी बांधणे आणि नाक्यावर गाडीची वाट पाहणे एवढे सगळे झाल्यावर ती वेचणीला येते. पहाटेचे हे चित्रण पहिल्या दिवशी मागू नये. वावरातले चित्रण दोन-तीन दिवस झाल्यावर, तिने स्वतःहून ‘घरी या’ म्हटल्यावर करावे.

वावरात पोचल्यावर बाया पात वाटून घेतात. आपण कुठे उभे राहायचे, हे याच वेळी ठरवावे. जी ओळ वेचून झाली आहे तिच्यातूनच चालावे. न वेचलेल्या ओळीत शिरले की पिशवीच्या पट्ट्यात अडकून कच्ची बोंडे गळतात, फुटलेला कापूस मातीत पडतो, मालकाचे नुकसान होते आणि बोलणी मजुरिणींना खावी लागतात. तिच्याच पातीत तिच्यापुढे उलटे चालणे ही नेहमीची चूक आहे. त्यामुळे तिचा वेग तुमच्या वेगावर येतो आणि संध्याकाळी तिचे वजन कमी भरते.

कॅमेरा कमरेच्या उंचीवर, गुडघा टेकून धरावा. उभ्या माणसाच्या उंचीवरून वाकलेल्या बाईचे चित्रण केले की फक्त पाठ दिसते, आणि सगळा चित्रपट पाठींचा होतो. हातांचे चित्रण सलग घ्यावे : दोन्ही हात वेगवेगळ्या बोंडांवर चालतात, बोटांच्या चिमटीने पाकळ्या एकदम ओढल्या जातात, पालापाचोळा कापसात येऊ नये म्हणून वाळलेले पान करंगळीने बाजूला केले जाते, आणि मूठ भरली की हात न बघताच ओटीकडे जातो. ही लय मिनिटभर न तोडता टिपलेली असेल, तर संकलनात तिचा उपयोग दहा तुकड्यांपेक्षा जास्त होतो.

पुढे ओटी रिकामी करणे, गाठोडे बांधणे, झाडाखालचे जेवण हे ओघाने येतेच. मोबाइलवर गाणी लावलेली असतील तर लगेच बंद करायला सांगू नये, तो त्यांच्या दिवसाचा भाग आहे; पण चित्रपटगीतांचे हक्क तुमच्याकडे नसतात आणि बोलण्याखाली गाणे असले की संकलनात काट देता येत नाही, हे लक्षात ठेवून गाणे नसलेल्या वेळेतही पुरेसे चित्रण करावे. प्रत्येक ठिकाणचा नुसता परिसरध्वनी, कोणी न बोलता, दोन मिनिटे वेगळा घ्यावा.

आता काटा. या विषयावरच्या चित्रपटाचा मणका म्हणजे वजनाचा प्रसंग, आणि तोच बहुतेक वेळा सुटतो, कारण तोवर ऊन गेलेले असते, बॅटरी संपत आलेली असते आणि गटाला परतीची घाई असते. गाठोडे काट्याला लावल्यापासून आकडा वहीत लिहीपर्यंतचा प्रसंग एकाच सलग चित्रणात घ्यावा. मध्ये काट दिली की प्रेक्षकाला शंका येते, आणि उद्या वाद झाला तर तुमच्या चित्रणाला अर्थ राहत नाही. एका दिवशी काट्याचा आकडा आणि वही चौकटीत येईल असे उभे राहावे, दुसऱ्या दिवशी तिचा चेहरा येईल असे. गाठोड्याच्या कापडाचे किंवा ओलाव्याचे म्हणून वजन वजा होत असेल, तर ते तोंडाने बोलले जाते; तो आवाज स्वच्छ मिळाला पाहिजे. चुकाऱ्याचा, म्हणजे मजुरी हातात मिळण्याचा, दिवसही असाच सलग टिपावा. तो बरेचदा आठवडी बाजाराच्या दिवशी असतो, म्हणून मजुरीचा पैसा हातात पडल्यापासून तेल-मीठ-भाजीत उतरेपर्यंत तिच्यासोबत राहता येते.

सावधान : अंधार पडल्यावर अनोळखी धुऱ्यावरून चालू नका. रानडुकरांपासून पीक वाचवण्यासाठी कुंपणाच्या तारेत वीज सोडल्याने माणसे दगावल्याच्या घटना विदर्भात घडत आल्या आहेत. जागलीचे, म्हणजे रात्रीच्या राखणीचे, चित्रण करायचे असेल तर त्या वावराच्या माणसालाच पुढे ठेवून चाला.

टप्पा ७ : मुलाखत

वावरात, काम चालू असताना, मुकादम किंवा मालकासमोर, किंवा नवरा शेजारी बसलेला असताना मुलाखत घेऊ नये. रात्रीची जेवणे आटोपल्यावर, तिच्या ओट्यावर, हातात लसूण सोलण्यासारखे काही काम असताना ती मोकळी बोलते. दिवा तिच्याच घरचा असावा. कमी पडत असेल तर त्याच रंगाचा एक छोटा दिवा भिंतीकडे वळवून ठेवावा.

प्रश्नांचा क्रम हिशेबाकडून मनाकडे असावा. ‘तुम्हाला कसे वाटते?’ हा पहिला प्रश्न असेल तर उत्तर ‘चांगले वाटते’ असेच येते. ‘काल किती किलो भरला?’, ‘सगळ्यात जास्त कधी भरला होता?’, ‘त्या पैशाचे काय आणले?’, ‘वजन कमी वाटले तर कोणाला सांगता?’ असे विचारत गेले की दहाव्या मिनिटाला ती स्वतःच मुलीच्या शिक्षणावर, दुखणाऱ्या कंबरेवर, दवाखान्याच्या उधारीवर येते. उत्तर संपल्यासारखे वाटले तरी लगेच पुढचा प्रश्न टाकू नये. चार-पाच सेकंद थांबावे. खरे वाक्य पुष्कळदा त्या थांबण्यानंतर येते.

भाषा हा मोठा मुद्दा आहे. पुस्तकी मराठीत विचारले की तीही शब्द जपून, पाहुण्यासमोर बोलावे तसे बोलते. ‘तुमी केव्हापासून वेचून राहिल्या?’ असे सहज विचारू शकणारा माणूस गटात असावा. ती बोली ज्याच्या तोंडी नाही त्याने मात्र तिची नक्कल करू नये, साध्या मराठीत विचारावे. वयाने मोठ्या बाईला मावशी, काकू किंवा आजी म्हणावे, बरोबरीच्या बाईला ताई, आणि चित्रपटात नावपट्टी देताना तिचे पूर्ण नाव तिने सांगितले तसे, तिची परवानगी घेऊनच द्यावे. मालकाचे नाव आडनावासह आणि मजुरिणीचे नुसते पहिले नाव, असा भेद पडद्यावर कधीही नसावा.

मालकाचीही मुलाखत घ्यावी, आणि प्रामाणिकपणे घ्यावी. बियाणे, खते, बोंडअळी, बाजारातला भाव यांत तोही पिचलेला असतो. कोरडवाहू चार एकरवाला मालक आणि मोठा बागायतदार यांना एका मापाने मोजणारा चित्रपट गावात कोणालाच खरा वाटत नाही.

टप्पा ८ : जिनिंगपर्यंतचा प्रवास

कापूस बंडीतून किंवा गाडीतून गावातच कापूस घेणाऱ्या खेडा खरेदीवाल्याकडे अथवा जिनिंगला, म्हणजे रुई आणि सरकी वेगळी करणाऱ्या कारखान्यात, जातो. एक दिवस हिंगणघाट किंवा जवळच्या जिनिंगमध्ये चित्रण केल्यास चित्रपटाला हिशेबाची पूर्णता येते. कापसाच्या वजनाचा साधारण एक तृतीयांश भाग रुई निघते आणि रुईची गाठ सुमारे १७० किलोंची असते. म्हणजे एका गाठीमागे पाच क्विंटलच्या आसपास कापूस लागतो. ती गाठ तुमच्या मजुरिणीच्या किती दिवसांच्या वेचणीची, हे तिच्याच वहीतल्या आकड्यांवरून काढून दाखवता येते, आणि ते निवेदनातल्या कोणत्याही विशेषणापेक्षा जास्त बोलते.

कारखान्यात व्यवस्थापनाची लेखी परवानगी घ्यावी. हवेत तंतू उडत असतात, म्हणून आत भिंग बदलू नये. बदलायचेच असेल तर बाहेर, गाडीत बसून बदलावे. तापणारे दिवे नेऊ नयेत, कारण कापसाला आग लागायला ठिणगीही पुरते. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची असल्याने शटर १/५० किंवा १/१०० ठेवावे, नाहीतर दिव्यांच्या पट्ट्या चित्रात सरकताना दिसतात.

टप्पा ९ : रोज रात्रीची तीन कामे

चित्रण संपल्यावर, झोपण्याआधी : सगळ्या कार्डांच्या दोन वेगळ्या डिस्कवर प्रती, प्रत्येक फाइलपुढे एका ओळीची नोंद, आणि दिवसाच्या आकड्यांची वही. १०० मेगाबिट प्रतिसेकंदाने चित्रण केल्यास तासाला सुमारे ४५ जीबी जागा लागते, त्याप्रमाणे डिस्क आधीच घ्याव्यात. दोन्ही डिस्क एकाच पिशवीत ठेवू नयेत; गावाहून परतताना एक एकाच्या आणि दुसरी दुसऱ्याच्या सामानात असावी. प्रत उघडून, मधले एखादे दृश्य चालवून पाहिल्याशिवाय कार्ड पुसू नये.

टप्पा १० : संकलन

संगणकावर दृश्ये लावायला घेण्याआधी सगळ्या मुलाखती कागदावर उतरवाव्यात, बोलीसकट, जशाच्या तशा. ‘करून राहिली’चे ‘करत आहे’ करू नये. मराठी उपशीर्षके देत असाल तर तीही बोलीतच द्यावीत. मग काम, वजन, दर, घर, मालक, बाजार अशा गटांत कागद लावून पाहावेत. पहिल्या पानावर लिहिलेल्या प्रश्नाला जे दृश्य हात घालत नाही ते, कितीही सुंदर असले तरी, बाजूला ठेवावे.

नवख्या चित्रकर्त्याला निवेदनाचा मोह होतो. तिने स्वतः सांगितलेली गोष्ट निवेदकाने पुन्हा सांगू नये. निवेदन फक्त तिथे असावे जिथे आकडा, तारीख किंवा ठिकाण सांगायचे आहे आणि ते पडद्यावर दिसत नाही. पार्श्वसंगीताबाबत मी कठोर आहे : वेचणीच्या, काट्याच्या आणि चुकाऱ्याच्या दृश्यांत ते अजिबात नसावे, कारण सुरांनी प्रेक्षकाला काय वाटायला हवे ते आधीच सांगून टाकले की तो आकडे ऐकायचे थांबवतो.

तपासणी : चित्र बंद करून नुसता आवाज ऐका, मग आवाज बंद करून नुसते चित्र पाहा. दोन्ही वेळा कामाचा क्रम कळला पाहिजे.

टप्पा ११ : आधी त्यांना दाखवा, मग जगाला

कच्चे संकलन आधी चित्रपटातल्या बायांना, त्यांच्याच वस्तीत, मालक आणि पुढारी नसताना दाखवावे. समाजमंदिराच्या भिंतीवर पांढरी चादर आणि एक छोटा प्रक्षेपक पुरतो. वजनाचा आकडा, नाव, नाते यांतल्या चुका त्या तिथल्या तिथे सांगतात, आणि एखादे वाक्य आपल्या अंगाशी येईल असे वाटले तर तेही सांगतात. ते वाक्य चित्रपटाला कितीही मोलाचे असले तरी काढावे. त्यानंतरच मालकाला त्याचा भाग दाखवावा.

जाहीर प्रदर्शनासाठी १९५२च्या चलचित्र कायद्यानुसार प्रमाणपत्र लागते आणि त्यासाठीचा अर्ज ऑनलाइन करता येतो. चित्रपटात बैल, बकऱ्या दिसत असतील तर प्राण्यांसंबंधीच्या कागदांची विचारणा होऊ शकते, म्हणून ते चित्रण कधी, कुठे आणि नेहमीच्या कामातच झाले याची नोंद वहीत असावी. महोत्सवांना पाठवताना प्रवेशाच्या अटींत आधीच्या ऑनलाइन प्रदर्शनाबाबत काय म्हटले आहे ते वाचावे. उत्साहाच्या भरात चित्रपट यूट्यूबवर टाकून पुष्कळ जण स्वतःच्या चित्रपटाची दारे बंद करतात.

अंतिम प्रत तयार झाली की ती चित्रपटातल्या प्रत्येक घरी पेन ड्राइव्हवर द्यावी, सोबत मोबाइलवर चालेल अशी लहान फाइलही द्यावी, आणि पुढच्या हंगामातल्या पहिल्या वेचणीच्या सुमारास एकदा गावात जाऊन त्या बायांना काम मिळते आहे ना, हे विचारून यावे. कोणाला चित्रपटामुळे कामावरून टाळले जात असेल, तर तो भाग सार्वजनिक प्रतीतून काढणे किंवा ती प्रत मागे घेणे ही जबाबदारी तुमची असते, आणि ती संमतीपत्रातच लिहिलेली असावी.